माडीची सागवानी जमीन घरीच घासायची तर

मराठवाड्यातल्या जुन्या वाड्यांत माडीवर अजून सागवानी फळ्या दिसतात. आमच्या माडीचा जिना भिंतीतला. माणूस तिरपा होऊन चढतो, तिथं जमीन घासायचं मोठं मशीन नेणार कुठून? म्हणून 5 इंची गोल सँडर, म्हणजे खाली घासायचा पेपर लावून हातानं फिरवायचं विजेचं छोटं मशीन, घेतला. दहा बाय बाराच्या खोलीला तीन-चार दिवस धरा. गुडघ्याखाली जुनी गोधडी घ्या.

फळ्यांवर जुना ऑइलपेंट असेल तर तो कोरडा घासू नका. रंगातलं शिसं 90 पीपीएमपेक्षा (दहा लाख भागांत 90 भाग) जास्त नको, हा नियम आपल्याकडे 2017 च्या नोव्हेंबरात लागू झाला. त्याआधीच्या रंगाची धूळ पोरांना भोवू शकते. रंग काढायचं रसायन लावून तो ओलाच खरवडा.

आता हात फिरवून खिळे शोधा आणि पंचानं दोन-तीन मिलिमीटर आत ठोका. एक जरी वर राहिला तरी पेपर फाटलाच. वाळवी लागलेली फळी आधी बदला. फटींतून भुसा खालच्या खोलीत पडतो, तेव्हा खालची भांडी झाका. हे मला चहात भुसा आल्यावर कळलं. एन-95 मास्क हवाच.

खरी मेहनत पहिल्या पेपरातच आहे. 60 नंबरचा, म्हणजे जाड दाण्याचा पेपर लावा, फळीवर पेन्सिलीनं नागमोडी रेषा काढा आणि सगळ्या रेषा जाईपर्यंत घासा. मशीन लाकडाच्या रेषांच्या दिशेनं, गोगलगायीसारखं सरकवा. जोर द्यायचा नाही, मशीनचं वजन पुरतं. एका काळ्या डागावर मी दाबून धरलं, तिथं वाटीएवढा खड्डा पडला; अजून पाय लागला की कळतो. लाईट गेली तर बटण बंद करा, नाहीतर लाईट येताच मशीन आपोआप उड्या मारतं.

मग भुसा झाडून 80 नंबरचा बारीक पेपर, शेवटी 120 चा आणखी बारीक. मधला नंबर गाळलात तर 60 चे ओरखडे पॉलिशखाली उठून दिसतात. टॉर्च जमिनीलगत आडवा धरून बघा. कोपरे लाकडी ठोकळ्यावर पेपर गुंडाळून हातानंच.

जमीन पुसून जवसाचं तेल पातळ लावा, अर्ध्या तासानं जास्तीचं पुसून घ्या. ते फडके बोळा करून टाकू नका; तेल सुकताना तापतं आणि बोळा आपणहून पेटू शकतो, त्यात आपला उन्हाळा. फडके बादलीभर पाण्यात बुडवून ठेवा.