धुऱ्याचा वाद कोर्टात नेण्याआधी

मी भूकरमापक, म्हणजे सरकारी जमीनमोजणी करणारा होतो. कळमेश्वर, काटोल आणि शेवटी नागपूर ग्रामीण असा नोकरीचा प्रवास झाला. मोजलेल्या जमिनींच्या खटल्यांत साक्षीला सिव्हिल लाइन्सच्या जिल्हा न्यायालयात जायचो. तिथे खरी बाजू असलेली माणसंही कच्च्या कागदांपायी हरताना पाहिली, म्हणून हे लिहितो आहे.

शेजाऱ्याने धुरा, म्हणजे दोन वावरांमधला बांध, कोरला की लोक आधी ठाण्यात धावतात. मारामारीची भीती असेल तर जरूर जा, पण जमीन पोलीस परत देत नाहीत. आधी स्वतःला विचारा, भांडण कशाचं आहे? हद्द कुठे आहे तेच ठाऊक नाही, की हद्द ठाऊक असून ताबा गेला? दोन्हींचे रस्ते वेगळे.

हद्दीचा प्रश्न असेल तर उपअधीक्षक भूमी अभिलेख कार्यालयात हद्द कायम मोजणीचा अर्ज करा. वावर असेल तर ताजा सातबारा लागतो, शहरातला प्लॉट नगर भूमापनात असेल तर आखीव पत्रिका (प्रॉपर्टी कार्ड). शेजाऱ्यांची नावं-पत्ते अचूक द्या, कारण नोटीस त्यांनाच जाते. नोटीस नीट बजावली गेली नाही तर पुढे वकील तिथेच नकाशा फाडतो. कपाशी-तूर डोक्याएवढी असताना मोजणी मागू नका. उन्हाळ्यात वावर मोकळं असतं, जुने दगड सापडतात. मोजणीला पटवारी आणि गावातली जुनी माणसं आली तर उत्तम, पण खुणा ठरतात त्या अभिलेखावरून. मोजणीनंतर ‘क’ प्रत, म्हणजे मोजणीच्या नकाशाची प्रत घ्या आणि अभिलेखाची हद्द कोणती, वहिवाटीची (प्रत्यक्ष वापरातली) कोणती, हे मोजणीदाराकडून समजून घ्या. दोघींच्या मधला पट्टा म्हणजे तुमचं भांडण. मोजणी पटली नाही तर निमताणा मोजणी, म्हणजे वरिष्ठांकडून फेरमोजणी मागता येते.

ताबा गेला असेल तर कॅलेंडर बघा. संमतीशिवाय आणि कायद्याची रीत सोडून कोणी काढून लावलं असेल, तर स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्ट 1963 च्या कलम 6 खाली 6 महिन्यांच्या आत दावा लावता येतो. त्यात मालकी कोणाची हे पाहिलं जात नाही, ताबा कोणाचा होता आणि कसा गेला एवढंच पाहिलं जातं. ही मुदत पंचायतीत, नातेवाइकांच्या बैठकीत वाया घालवू नका. ती हुकली तर मालकीच्या आधारे ताब्याचा दावा उरतो. त्याला 12 वर्षं मिळतात, पण विरुद्ध पक्ष प्रतिकूल कब्जा (मालकाविरुद्ध 12 वर्षं उघड ताबा ठेवल्याने जमीन आपली झाली, असा दावा) सांगू लागला की तेवढ्याच वर्षांवर खटला अडतो.

नुसत्या मनाई हुकुमाच्या दाव्याने भागेल असं समजू नका. मालकीवरच गंभीर वाद असेल तर मालकीची घोषणा मागावी लागते, आणि ताबा गेला असेल तर ताबाही. सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये अनाथुला सुधाकर प्रकरणात हे स्पष्ट केलं आहे.

दाव्यात ‘सुमारे पाच फूट अतिक्रमण’ असं कधीही लिहू देऊ नका. अतिक्रमित पट्टा नकाशावर अ, ब, क, ड खुणांनी दाखवा, क्षेत्र आर किंवा चौरस मीटरमध्ये लिहा, चतुःसीमा (चारही बाजूंना काय आहे ते) द्या. डिक्री (कोर्टाचा हुकूमनामा) हाती घेऊन बेलीफ, म्हणजे हुकूम बजावणारा कोर्टाचा माणूस, जागेवर येतो तेव्हा तो विचारतो, ‘नेमकं कुठून कुठपर्यंत?’ त्या वेळी उत्तर डिक्रीत नसेल तर वर्षांचा खटला तिथेच अडकतो.

साक्षीत मला हमखास विचारायचे: मोजणी कोणत्या कायम खुणांवरून केली? दोन्ही वावरं मोजली का? एकाचंच वावर मोजलेलं असेल तर नकाशा डळमळतो. म्हणून वकिलांना सांगून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 26, नियम 9 खाली कोर्ट कमिशनर (कोर्टाच्या वतीने जागा पाहून अहवाल देणारा) म्हणून भूमी अभिलेख अधिकाऱ्याची नेमणूक मागा आणि दोन्ही बाजूंची जमीन एकत्र मोजून घ्या. धुरा अजून शाबूत असेल तर आदेश 39 खाली तात्पुरती मनाई त्याआधीच मागा.

वकिलाची फी झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. बायकांना तिथे उत्पन्नाची अट नाही.

लोकअदालतीत तडजोड होत असेल तर तिलाही मोजणीचा नकाशा जोडा, दोघांच्या सह्या त्या नकाशावरही घ्या. तो निवाडा डिक्रीसारखाच असतो आणि त्यावर अपील चालत नाही. दगड रोवायचा खर्च कोण करणार, तेही त्यातच लिहून घ्या.