आरोपीचा बेलचा अर्ज लागलाय? कोर्ट काय बघतं आणि आपण काय करायचं

बलात्काराच्या केसमध्ये आरोपीने बेल टाकलीय असं कळलं की पीडितेच्या घरच्यांचे हातपाय गळतात, आता हा सुटणार म्हणजे केस संपलीच असं वाटतं. तसं नसतं. खटला चालेपर्यंत त्याला आत ठेवायचं की बाहेर, एवढाच प्रश्न त्या दिवशी कोर्टासमोर असतो. पण आपलं म्हणणं मांडायचा तो एक मोठा चान्स असतो आणि कितीतरी कुटुंबं तिथे पोचतच नाहीत कारण त्यांना कोणी सांगितलेलंच नसतं, म्हणून हे लिहितेय.

आधी एफआयआरची कॉपी घ्या, फिर्यादीला ती फुकट मिळते, आणि कलमं नीट बघा. १ जुलै २०२४ पासूनच्या घटनांना भारतीय न्याय संहिता लागते. बलात्काराला कलम ६४, मुलगी १६ च्या आतली असेल तर ६५, अठराच्या आतल्या मुलीवर सामूहिक बलात्कार असेल तर ७०(२). वय १८ पेक्षा कमी असेल तर सोबत पॉक्सो, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचारांचा कायदा. आधीची घटना असेल तर जुन्या भारतीय दंड संहितेचं ३७६. हे बघायचं कारण असं की ६५ किंवा ७०(२) असेल तर अटकपूर्व जामिनाची, म्हणजे अटक व्हायच्या आधीच मागायच्या बेलची, तरतूदच लागू होत नाही, आणि अटकेनंतरच्या बेलच्या सुनावणीला फिर्यादी किंवा तिने नेमलेलं कोणीतरी हजर असणं बंधनकारक आहे.

मग तपास अधिकाऱ्याला गाठा. अर्ज कुठल्या कोर्टात आहे, नंबर काय, तारीख कधी, आणि सरकारी वकिलांनी 'से' दिलाय का. से म्हणजे सरकार पक्षाचं लेखी म्हणणं. स्वतःचा वकील लावायला पैसे नसतील तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा, महिलांना आणि मुलांना उत्पन्न कितीही असलं तरी तिथे वकील फुकट मिळतो, हेल्पलाइन १५१००. तो वकील हस्तक्षेप अर्ज, म्हणजे आमचंही ऐकून घ्या असा अर्ज, देऊन तुमच्या बाजूने बोलू शकतो. जामिनाच्या वेळीसुद्धा पीडितेला ऐकून घेतलंच पाहिजे हे सुप्रीम कोर्टाने २०२२ मध्ये लखीमपूर खेरीच्या, शेतकऱ्यांना गाडीखाली चिरडल्याच्या प्रकरणात स्पष्ट सांगितलंय, त्यामुळे कोणी तुमचं इथे काम नाही म्हणालं तर गप्प बसू नका.

आता जज काय बघतात. पुरावा पूर्ण तोलत नाहीत, तो खटल्यात तोलतात, इथे फक्त सकृतदर्शनी, म्हणजे पहिल्या नजरेत, केस दिसते का एवढं. फिर्याद, मॅजिस्ट्रेटसमोरचा जबाब आणि मेडिकल एकमेकांशी जुळतात का. गुन्हा किती गंभीर, शिक्षा किती. तो पळून जाईल का, पुन्हा तसंच करेल का, साक्षीदारांवर दबाव आणेल का, आधीचे गुन्हे आहेत का, किती दिवस आत आहे, चार्जशीट म्हणजे पोलिसांचं आरोपपत्र झालंय का. आरोपीच्या वकिलाचे मुद्दे बहुतेक वेळा ठरलेले असतात. फिर्याद उशिरा दिली, अंगावर जखमा नाहीत, संमतीचे संबंध होते, हे चॅट बघा. त्याची उत्तरं आधीच तयार ठेवा. उशीर का झाला, बदनामीची भीती होती की आरोपी घरातलाच होता की आई गावी होती, ते लिहून वकिलाला द्या. प्रतिकार केला नाही म्हणजे संमती होत नाही हे कायद्यातच लिहिलंय. मुलगी अल्पवयीन असेल तर संमतीला कायद्यात अर्थच नाही, पण दोघंही कोवळ्या वयाची असतील तर काही कोर्टं तेवढ्यावर जामीन देतात, हेही माहीत असू द्या.

धमकीचा मुद्दा सगळ्यात महत्त्वाचा आणि तोच सगळ्यात जास्त राहून जातो. नुसतं 'आम्हाला भीती वाटते' म्हणून भागत नाही. मिटवून घ्या म्हणून कोण घरी आलं, कधी आलं, कुठल्या नंबरवरून फोन आला, ते तारखेसकट लिहा, मेसेज डिलीट करू नका, पोलिसांना लेखी द्या आणि पोच घ्या. आरोपी शेजारीच राहत असेल किंवा मुलीच्या शाळेच्या वाटेवर राहत असेल तर तेही कोर्टाला सांगा, त्यावरून निदान अटी तरी कडक लागतात.

दिवस मोजत राहा. बलात्काराच्या केसमध्ये अटकेनंतर पहिल्या रिमांडपासून, म्हणजे कोर्टाने त्याला पहिल्यांदा कोठडीत पाठवल्यापासून, ९० दिवसांत चार्जशीट गेली नाही तर आरोपी जामीन हक्काने मागू शकतो, मग गुन्हा किती भयंकर होता ते कोर्ट बघतच नाही. सत्तराव्या दिवसापासूनच तपास अधिकाऱ्याच्या मागे लागा, लाजू नका.

आणि कोर्टाने काय करायचं नाही तेही ठरलेलं आहे. २०२० मध्ये मध्य प्रदेश हायकोर्टाने विनयभंगाच्या आरोपीला फिर्यादीकडून राखी बांधून घ्यायच्या अटीवर जामीन दिला होता, मार्च २०२१ मध्ये सुप्रीम कोर्टाने ती अट रद्द केली. वाचताना आजही संताप येतो. त्याच निकालात सांगितलंय की आरोपी आणि पीडितेची भेट होईल अशी अट घालायची नाही, लग्न करा, मिटवा असं सुचवायचं नाही, तिच्या कपड्यांवर, वागण्यावर शेरे मारायचे नाहीत, आणि जामीन झाला तर तिला लगेच कळवून दोन दिवसांत ऑर्डरची कॉपी द्यायची.

ती कॉपी मागून घ्याच आणि अटी वाचा. गावात यायचं नाही, संपर्क करायचा नाही, अमुक वारी पोलीस स्टेशनला हजेरी, असं काहीतरी असतं. त्यातली एक जरी मोडली तरी तारीख, वेळ, फोटो, साक्षीदार लिहून ठेवा, पोलिसांत द्या आणि सेशन्स किंवा हायकोर्टात जामीन रद्दचा अर्ज टाका, त्यासाठीही विधी सेवाचा वकील मागता येतो.