डुगडुगणारी खुर्ची: खिळा ठोकू नका, सांधा उघडा

आमच्या पुण्यातल्या शनिवार पेठेतल्या घरात आईच्या माहेरच्या सहा सागवानी खुर्च्या आहेत. त्यातली बाबांची खुर्ची मागच्या वैशाखात डुगडुगायला लागली. उन्हाळ्यात लाकूड आकसतं, पावसाळ्यात फुगतं. वर्षानुवर्षं हे चाललं की सांध्यातला सरस सुटतो. त्यात बाबा जेवण झालं की मागच्या दोन पायांवर रेलून बसायचे. त्या रेलण्याचा सगळा भार मागचा पाय आणि बाजूची पट्टी जिथे जुळतात तिथे येतो. बहुतेक खुर्च्या तिथेच सुटतात.

आधी दोष खुर्चीचाच आहे ना, ते बघा. आमच्या बाहेरच्या खोलीत जुनी शहाबादी फरशी आहे, तिच्यावर धडधाकट खुर्चीसुद्धा हलते. मी पाय पुसून खुर्ची सरळ स्वयंपाकाच्या ओट्यावर ठेवली. चारही पाय टेकले, पण पाठ धरून हलवली की कुरकुर. म्हणजे सांधाच. बैठकीखाली कोपऱ्यांत तिकोनी ठोकळे असतील तर त्यांचे स्क्रू आवळून बघा. कधीकधी तेवढ्यानेच भागतं.

नाही भागलं तर खुर्ची सतरंजीवर उलटी करा, दोन-दोन पाय धरून जवळ-लांब करा. जो सांधा श्वास घेतल्यासारखा उघडतो, तो आपला. खडूने खुणा करा, कुठली पट्टी कुठल्या पायात ते. मग लाकडावर फडकं ठेवून हातोडीने हळूहळू ठोकत सांधा सोडवा. जे घट्ट आहेत त्यांना हात लावू नका.

आमच्या खुर्चीला पूर्वी एका सुताराने दोन खिळे मारले होते. पकडीने उपटले तेव्हा दिसलं, एका खिळ्याने पट्टीचं टोक उभं चिरलं होतं. माझा जीव कळवळला. खिळा सांधा धरत नाही, लाकूड फाडतो.

आता खरं काम, आणि इथे घाई अजिबात नको. पट्टीच्या टोकावरचा, म्हणजे कुसवावरचा, आणि भोकातला जुना सरस पूर्ण काढायचा. तो तपकिरी, काचेसारखा असतो. गरम पाण्यात पिळलेलं फडकं दहा मिनिटं गुंडाळलं की नरम पडतो. मग पटाशीने खरवडा. लाकूड तासायचं नाही, फक्त सरस. फेविकॉल लाकडात मुरून धरतो, जुन्या थरावर लावला तर थराबरोबरच निघून येतो. ओलं झालेलं लाकूड एक दिवस सुकू द्या.

कोरडं बसवून बघा. हलक्या ठोक्याने बसलं तर उत्तम. सैल असेल तर रंधा मारताना निघणारी कागदासारखी साल सुताराकडून आणा आणि कुसवाला फेविकॉलने चिकटवा. भुसा आणि फेविकॉल कालवून भोक भरायच्या फंदात पडू नका, त्यात जोर नसतो. आमच्या चिरलेल्या टोकातही फेविकॉल भरून मी ते आधी दोऱ्याने आवळून वाळवलं.

दोन्ही बाजूंना फेविकॉल लावून सांधा बसवा. पुण्याच्या बोहरी आळीत सांधा आवळून धरायचे शिकंजे मिळतात, पण एका खुर्चीसाठी दोरी पुरते. पायांभोवती दुहेरी दोरी बांधा, कडांना पुठ्ठा लावा, मध्ये लाटणं घालून पिळा. सांध्यातून पांढरे थेंब आले की थांबा आणि लाटणं पट्टीला अडकवा. थेंब ओल्या फडक्याने लगेच पुसा, नाहीतर तिथे पॉलिश धरत नाही. टेपने बैठकीचे दोन्ही कर्ण मोजा, सारखे हवेत. चार पाय सपाट जागी टेकवून चोवीस तास ठेवा, पावसाळ्यात दोन दिवस.

आणि उरलेल्या खुर्च्याही त्याच दिवशी उलट्या करून बघा. आमच्याकडे आणखी दोन सुटायच्या बेतात निघाल्या. दोरी, लाटणं, फेविकॉल बाहेर होतंच.