दाहक रसायनाच्या अपघातानंतरची फेरतपासणी : कोडिंग करताना या चुका टाळा

खानदेशातून बी.एस्सी. किंवा बी.फार्म. करून मेडिकल कोडिंगकडे, म्हणजे रुग्णाच्या नोंदीतील आजार-उपचारांना ठरावीक कोड देण्याच्या कामाकडे, वळणाऱ्या मुलामुलींना अमेरिकी चार्टमधले (रुग्णनोंदींमधले) पुष्कळसे प्रसंग परके वाटतात, पण दाहक रसायनाचा अपघात तसा वाटण्याचे कारण नाही. रावेर-यावलच्या केळीबागांत ठिबकच्या नळ्यांत साचलेले क्षार काढण्यासाठी हायड्रोक्लोरिक आम्ल सोडतात, सराफी कामात तेजाब लागते, आणि संडास धुण्याचे ॲसिड पाण्याच्या जुन्या बाटलीत भरून ठेवण्याची घातक सवय अनेक घरांत आहे. अशा अपघाताच्या पहिल्या दिवसाचे कोडिंग बहुधा बरोबर होते. चुका होतात त्या रुग्ण पुन्हा येतो तेव्हा, आणि त्यांतील बहुतेक चुकांचे मूळ एकच असते : कोड रुग्णाच्या फेरीवरून ठरवला जातो, उपचाराच्या टप्प्यावरून नाही.

अमेरिकेत वापरल्या जाणाऱ्या आयसीडी-१०-सीएम या आजार-वर्गीकरणाच्या पद्धतीत टी५४ या (दाहक पदार्थांच्या विषारी परिणामांच्या) गटाच्या कोडला सातवे अक्षर लागते. ‘ए’ म्हणजे सक्रिय उपचार चालू आहेत, ‘डी’ म्हणजे जखम भरून येण्याच्या काळातील नेहमीची देखरेख, आणि ‘एस’ म्हणजे मूळ इजेमुळे मागे राहिलेला परिणाम. ‘ए’चे अधिकृत नाव ‘इनिशियल एन्काउंटर’ असल्यामुळे नवखे कोडर पहिल्या भेटीला ‘ए’ आणि दुसरीपासून डोळे मिटून ‘डी’ लावतात. समजा, ठिबकला आम्ल देताना एका शेतकऱ्याच्या उजव्या हातावर व डोळ्यात आम्ल उडाले. (आम्ल नेहमी पाण्यात ओतावे, पाणी आम्लात कधीही ओतू नये, हे या निमित्ताने सांगितलेच पाहिजे.) ग्रामीण रुग्णालयात डोळा भरपूर पाण्याने धुतला गेला आणि त्याला नेत्रतज्ज्ञाकडे पाठवले गेले. नेत्रतज्ज्ञाने बुबुळावरील जखमेवर उपचार सुरू केले, तर ती भेट रुग्णाची दुसरी असूनही ‘ए’चीच आहे. पुढे हातावर त्वचारोपण करावे लागले, तर तेही सक्रिय उपचारच ठरतात. त्यानंतर डॉक्टर केवळ जखम भरत आली का हे पाहतात, पट्टी बदलतात आणि औषधे चालू ठेवतात, तेव्हा ‘डी’ येतो. म्हणून चार्ट उघडल्यावर भेटीची तारीख मोजत बसू नये. त्या दिवशी डॉक्टरांनी काय केले आणि पुढे काय करायचे ठरवले, हे आधी वाचावे. तसेच न भरलेली किंवा ऊतक मृत झालेली भाजल्याची जखम ताजी जखम म्हणूनच कोड केली जाते, हेही लक्षात ठेवावे.

विम्याचा क्लेम ‘अवैध कोड’ म्हणून परत आला, तर सर्वप्रथम अक्षरांच्या जागा तपासाव्यात. आम्लासाठी टी५४.२एक्स१डी असा कोड होतो. त्यात पाचव्या जागेवर रिकामी जागा भरणारा ‘एक्स’ असतो आणि सहाव्या जागेवरील १ हा आकडा अपघात दाखवतो. पदार्थ कोणता हे नोंदीत नसेल, तर कोड टी५४.९१एक्सडी होतो, इथे मात्र १ पाचव्या जागेवर सरकतो आणि ‘एक्स’ सहाव्या जागेवर जातो. घाईत लिहिलेला टी५४.९१डी किंवा टी५४.९एक्स१डी हा कोड अस्तित्वातच नाही. आणि मुळात ‘अनिर्दिष्ट’ कोडकडे धावण्यापूर्वी पहिल्या दिवसाची नोंद उघडावी, कारण फेरतपासणीत डॉक्टर नुसते ‘केमिकल इंजुरी’ लिहितात आणि बाटलीवरचे नाव आपत्कालीन विभागाच्या कागदात पडून असते. नाव सापडले, पण फेरतपासणीच्या नोंदीत ते नाही, तर परस्पर कोड बदलू नये, डॉक्टरांना विचारावे. कॉस्टिक सोडा असेल तर टी५४.३, फिनॉल असेल तर टी५४.०. ॲसिड आणि ब्लीचिंग पावडर एकत्र झाल्याने क्लोरीन वायू छातीत गेला असेल, तर टी५४ सोडून टी५९.४ कडे जावे लागते.

रसायनाचा कोड एकटा सोडणे हीसुद्धा नेहमीची चूक आहे. त्याने कारण कळते, पण इजा कोठे व किती खोल झाली हे कळत नाही. वरच्या शेतकऱ्याच्या उजव्या हाताला कोपराखाली दुसऱ्या श्रेणीची इजा असेल, तर टी५४.२एक्स१डी आधी आणि टी२२.६११डी नंतर येतो. उजव्या बुबुळासाठी टी२६.६१एक्सडी. रसायनाचा कोड आधी, ही क्रमाची सूचना कोडपुस्तकात त्या त्या गटाखालीच दिलेली आहे.

‘एस’च्या बाबतीत मात्र हा क्रम बदलतो, आणि इथे अनुभवी माणसेही अडखळतात. कॉस्टिक सोडा चुकून गिळलेल्या मुलाला सुरुवातीच्या उपचारानंतर काही आठवडे बरे वाटते, आणि मग हळूहळू घास अडकू लागतो, कारण भरून येणाऱ्या अन्ननलिकेत व्रण आकसून तिची वाट अरुंद होते. अन्ननलिका रुंद करून घेण्यासाठी तो येतो, तेव्हा ती भेट जुन्या जखमेच्या देखरेखीची राहत नाही. ज्या त्रासासाठी उपचार होत आहेत तो, म्हणजे अरुंद झालेल्या अन्ननलिकेचा के२२.२, पहिला लिहावा, आणि त्यामागे टी५४.३एक्स१एस व अन्ननलिकेच्या मूळ इजेचा टी२८.६एक्सएक्सएस यावेत. इथे ‘डी’ लावला, तर मूल बरे होत आहे असा अर्थ निघतो आणि त्याला वारंवार कराव्या लागणाऱ्या प्रक्रियेचे कारणच कागदावरून नाहीसे होते.

इजा अपघाताने झाली, स्वतः करून घेतली की दुसऱ्याने केली, या हेतूविषयी अंदाज करू नये. नोंदीत हेतूचा उल्लेख नसेल, तर कोड अपघाताचा लागतो; ‘अनिश्चित’ दाखवणारा ४ हा आकडा डॉक्टरांनी हेतू ठरवता येत नाही असे स्पष्ट लिहिले असेल तेव्हाच वापरायचा. पुढच्या भेटीत वेगळी हकिगत लिहिलेली आढळली, तर डॉक्टरांना लेखी विचारणा करावी, आणि त्या प्रश्नात आपल्याला हवे ते उत्तर सुचवू नये. अशा नोंदीवर एखाद्या घराची अब्रू आणि रुग्णाची सुरक्षितता दोन्ही अवलंबून असतात.

झेड०९ हा कोड उपचार पूर्ण होऊन इजा उरलेली नाही अशा तपासणीसाठी आहे. जखम भरत असताना तो वापरू नये. अपघाताचे ठिकाण सांगणारा वाय९२ फक्त पहिल्या भेटीलाच नोंदवतात, दर फेरीला नाही.

जळगाव-धुळ्याच्या एखाद्या रुग्णालयात नोंदीचे काम करणाऱ्यांनी आधी पद्धत तपासावी. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये सातवे अक्षर नाही. तिथे अपघात एक्स४९ या वेगळ्या कोडने आणि मागे राहिलेले परिणाम टी९५ किंवा टी९७ या गटांनी दाखवतात. अमेरिकी क्लेमसाठी पाठ केलेला टी५४.२एक्स१डी तिथे लिहिला, तर संगणक तो स्वीकारणार नाही.