बडोद्यात पहाटे बेसबॉलची कॉमेंट्री

न्यूयॉर्कचा सामना तिथे संध्याकाळी 7:05 ला, म्हणजे इथे दांडिया बाजारात पहाटे 4:35. घरचे झोपलेले, त्यामुळे व्हिडिओ नकोच. अमेरिकेतल्या एका रेडिओ केंद्राची वेबसाइट लावली, तर सामना सुरू व्हायच्या वेळेला भलत्याच गप्पा! ऑनलाइन प्रसारणाचे हक्क मेजर लीग बेसबॉल (एमएलबी) या लीगकडे असतात ना. शेवटी एमएलबी अ‍ॅपवर नुसत्या ऑडिओची वर्गणी भरली, व्हिडिओपेक्षा स्वस्त. दोन्हीपैकी कुठल्याही संघाचे समालोचक निवडता येतात. मी पाहुण्यांचे ऐकतो, यजमानांचे आपल्याच पोरांचं फार कौतुक करतात.

तरी स्क्रीन बंद झाली की आवाज गप्प. फोनच्या सेटिंगमध्ये त्या अ‍ॅपची बॅटरी ‘अनरिस्ट्रिक्टेड’ (निर्बंधाविना) केली, तेव्हा आवाज बंद पडणं थांबलं. बाकी ऐकताना स्कोअर उघडू नका. ऑडिओ थोडा मागे असतो, होमरन (क्रिकेटमधल्या षटकारासारखा फटका) आधीच कळतो.