निर्माता-दिग्दर्शकाची कारकीर्द कशी अभ्यासावी: आंतोनियो दा कुन्या तेलेस यांच्या निमित्ताने

दिग्दर्शकाची कारकीर्द समजून घ्यायची असेल तर त्याचे चित्रपट क्रमाने पाहणे बहुतेक वेळा पुरेसे होते. निर्मात्याच्या बाबतीत तसे होत नाही, कारण कोणाला संधी द्यायची, पैसा कुठून उभा करायचा आणि किती दिवसांत काम उरकायचे हे त्याचे निर्णय चित्रीकरणाचा पहिला दिवस उजाडण्यापूर्वीच झालेले असतात. पोर्तुगालचे आंतोनियो दा कुन्या तेलेस (१९३५–२०२२) हे दोन्ही होते, आणि म्हणून त्यांच्या कामाकडे नेहमीपेक्षा थोड्या वेगळ्या वाटेने जावे लागते.

सुरुवात त्यांच्या चरित्रापासून न करता १९५५ या वर्षापासून करावी. त्या वर्षी पोर्तुगालमध्ये एकही कथाचित्रपट तयार झाला नाही, आणि तेथील चित्रपटाच्या इतिहासात ते ‘शून्य वर्ष’ म्हणून ओळखले जाते. हुकूमशहा सालाझार यांच्या राजवटीची सेन्सॉरशिप होती, सरकारी निधी होता पण तो मर्जीनुसार मिळे, आणि खासगी भांडवल चित्रपटांकडे फिरकत नव्हते. ही पार्श्वभूमी डोळ्यांसमोर असली म्हणजे मादेइरा बेटावरील फुंशाल येथे जन्मलेला आणि पॅरिसच्या ‘इदेक’ या चित्रपट शिक्षणसंस्थेत शिकून परतलेला एक तरुण स्वतः चित्रपट दिग्दर्शित करण्याऐवजी आधी इतरांचे चित्रपट का उभे करतो, याचा उलगडा होतो. शिकून आलेली पिढी तयार होती. नव्हता तो निर्माता.

यानंतर त्यांनी निर्मिलेले १९६० च्या दशकातील चार चित्रपट पाहावेत: पाउलो रोशा यांचा ‘उश व्हेर्दिश आनुश’ (१९६३), फेर्नांदो लोपेस यांचा ‘बेलार्मिनो’ (१९६४), आंतोनियो द मासेदो यांचा ‘दोमिंगो आ तार्द’ (१९६६) आणि पुन्हा रोशा यांचा ‘मुदार द विदा’ (१९६६). पहिल्या तिन्हींमध्ये एक गोष्ट समान आहे, ती म्हणजे त्या-त्या दिग्दर्शकाचा तो पहिलाच पूर्ण लांबीचा चित्रपट होता. पाहताना तिघांची शैली जुळते का हे शोधत बसू नये, कारण ती जुळत नाही: पहिल्यात खेड्यातून लिस्बनला आलेला चांभारकाम करणारा तरुण आणि घरकाम करणारी मुलगी यांची कथा आहे, दुसरा बेलार्मिनो फ्रागोसो या खऱ्याखुऱ्या मुष्टियोद्ध्याभोवती फिरतो, तर तिसरा फेर्नांदो नामोरा यांच्या रुग्णालयात घडणाऱ्या कादंबरीवर आधारलेला आहे. शोधायचे असेल तर सामायिक परिस्थिती शोधावी. स्टुडिओतील जुन्या विनोदी चित्रपटांची चौकट मोडून कॅमेरा रस्त्यावर येतो, नवे चेहरे दिसतात, आणि कार्लोस पारेदेस यांची गिटार रोशा यांच्या दोन्ही चित्रपटांत लिस्बनपासून फुरादोरूच्या कोळी वस्तीपर्यंत सोबत करते. ही मोकळीक निर्मात्याने दिलेली आहे, आणि माझ्या मते कुन्या तेलेस यांची खरी सही ‘मुदार द विदा’वर आहे, कारण पहिल्या चित्रपटाने पैसा परत मिळवून दिलेला नसताना त्याच दिग्दर्शकाला दुसरी संधी देणे हे धाडस हिशेबी माणसाचे नव्हे.

याच काळातील फ्रेंच सहनिर्मिती मात्र जपून मोजाव्यात. फ्रान्स्वा त्रुफो यांच्या ‘ला पो दूस’ (१९६४) या चित्रपटाचा काही भाग लिस्बनमध्ये चित्रित झाला आणि त्याच्या निर्मात्यांत कुन्या तेलेस यांचे नाव आहे; पण त्यावरून तो चित्रपट त्यांच्या खात्यावर मांडणे चुकीचे ठरेल. सहनिर्मात्याचा वाटा कधी पैशाचा असतो, कधी चित्रीकरणस्थळाच्या सोयीचा, आणि श्रेयनामावली तो फरक सांगत नाही.

मग दिग्दर्शकाकडे वळावे, आणि ‘ओ सेर्को’ (१९७०) सावकाश पाहावा. निर्मितीचा पहिला पर्व आर्थिक तोट्यात थांबल्यानंतर, अगदी थोड्या पैशात केलेला हा चित्रपट आहे, आणि गंमत म्हणजे इतरांसाठी घातलेला पैसा बुडाला तरी स्वतःच्या या कमी खर्चाच्या चित्रपटाला प्रेक्षक मिळाले. मारिया काब्राल यांनी साकारलेली मार्ता नवऱ्यापासून वेगळी होते आणि लिस्बनमध्ये पैशाच्या अडचणीत सापडते, तेव्हा पैसा हाच कथेचा विषय होतो. पात्रे व्यवहार कसे करतात, कोण कोणावर अवलंबून आहे, याची टिपणे पाहताना घ्यावीत. निर्माता म्हणून वर्षानुवर्षे घेतलेला अनुभव येथे दिग्दर्शनात उतरला आहे असे मला वाटते, जरी हे सिद्ध करून दाखवता येणार नाही.

हुकूमशाही संपवणाऱ्या २५ एप्रिल १९७४ च्या क्रांतीनंतरचा टप्पा वेगळा ठेवावा. ‘कोन्तिनुआर आ विवेर’ (१९७६) हा माहितीपट आल्गार्व्हमधील लागोसजवळच्या मेया प्राया येथील मच्छीमारांनी सरकारी गृहयोजनेतून स्वतःची घरे कशी बांधली हे दाखवतो, आणि जोझे आफोन्सो यांनी त्यासाठी केलेले गीत चित्रपटापेक्षाही अधिक लोकांना ठाऊक झाले. त्याच्याशेजारी ‘आनिमातोग्राफो’ या त्यांच्या वितरणसंस्थेचे काम आणि पुढे १९७० च्या दशकाच्या अखेरीस सरकारी चित्रपट संस्थेतील त्यांची जबाबदारी मांडून पाहावी. निर्मिती, दिग्दर्शन, वितरण आणि शासकीय काम अशा चारही जागांवरून एकाच लहानशा उद्योगाकडे पाहणारी माणसे फार थोडी असतात. नंतरच्या दिग्दर्शनापैकी ‘विदास’ (१९८४) आणि ‘किस मी’ (२००४) एवढे पाहिले तरी चालेल.

शोध घेताना दोन गोष्टी सांभाळाव्यात. त्यांचे आडनाव रोमन लिपीत कधी एका तर कधी दोन ‘एल’ने लिहिले जाते, म्हणून सूचींमध्ये दोन्ही रूपे तपासावीत. तसेच निर्मितीचे वर्ष आणि प्रदर्शनाचे वर्ष वेगळे असू शकते. ‘दोमिंगो आ तार्द’ व्हेनिसला १९६५ मध्ये दाखवला गेला, तर पोर्तुगालमध्ये तो पुढच्या वर्षी आला. रोशा यांचे दोन्ही चित्रपट लिस्बनच्या सिनेमातेका या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने पुनर्संचयित केले आहेत, त्यामुळे जुन्या फिकट प्रतींऐवजी त्या आवृत्त्याच मिळवाव्यात.