लाकडी फरशीला सीलर मारायच्या आधी या चुका टाळा

बेळगावात टिळकवाडी, हिंदवाडीकडं इंजिनिअर्ड वुडची, म्हणजे खाली प्लाय आणि वर खऱ्या लाकडाचा पातळ थर असलेल्या फळ्यांची, फरशी घातलेली घरं आता दिसतात, आणि गणपती जवळ आला की घर रंगवतोयच तर फरशीलापण सीलरचा, म्हणजे वरनं लावायच्या संरक्षक थराचा, एक कोट मारून घेऊया असं सुरू होतं. तिथंच घोळ होतो बघा. श्रावण-भाद्रपदात आपल्याकडं हवा इतकी ओली असते की कोट वरनं वाळल्यासारखा वाटतो पण आत कच्चा राहतो, मग सोफा सरकवला की ओरखडे, कुठं पांढुरका धुरकटपणा. काम दिवाळीनंतर काढा, हवा कोरडी असते. खानापूरच्या बाजूला पाऊस जास्त, तिकडं तर घाई नकोच.

मुळात कोट लागतोय का ते बघा. या फळ्यांवर बहुतेक वेळा कंपनीतनंच पॉलियुरेथेनचं (प्लास्टिकसारखं वॉर्निश) कडक फिनिश येतं, पाण्याचे दोन-चार थेंब टाकून पाच मिनिटं थांबा, थेंब तसेच उभे असले तर फिनिश चांगलं आहे, पुसून टाका आणि काही करू नका. पाणी मुरून लाकूड काळपट झालं तर फिनिश गेलंय.

त्या गुळगुळीत फिनिशवर नुसता नवीन कोट ओतला तर तो पापुद्र्यासारखा सुटतो. २२० नंबरच्या पॉलिश पेपरनं हलकं घासून धूळ पूर्ण काढावी लागते. आधी चमक यायला मेण किंवा सिलिकॉनचा स्प्रे मारला असेल तर तो निघेपर्यंत काहीच धरत नाही, आणि ऑइल फिनिशच्या, म्हणजे कडक थराऐवजी तेल मुरवलेल्या, फरशीला ऑइलच लागतं. पण जोरात घासायला मशीनवाल्याला बोलावू नका ओ, वरचा खऱ्या लाकडाचा थर कितीतरी फळ्यांत २ ते ४ मिमीच असतो, तो गेला की खालचा प्लाय दिसतो आणि मग फळी बदलण्याशिवाय इलाज नाही.

फळ्यांच्या कडा वर आल्या असतील तर सीलर हा उपाय नव्हे. ओल खालनं येत्येय, बाथरूमची गळती, एसीचा पाइप, बाल्कनीच्या दारातनं येणारं पावसाचं पाणी, आधी ते शोधा. वरनं कोट मारून ओल आत कोंडली तर लाकूड अजून बिघडतं.

रोजचं म्हणाल तर बादलीभर पाणी आणि फिनाईल बंद, घट्ट पिळलेलं फडकं पुरे. स्टीम मॉप तर नकोच नको.

कोट मारल्यावर २४ तास चालू नका, गालिचा निदान आठवडाभर नको आणि रबरी बुडाची मॅट कधीच नको, डाग पडतात. जवसाच्या तेलाचं ऑइल वापरलं असेल तर ती फडकी गोळा करून कोपऱ्यात टाकू नका, आपोआप तापून पेट घेतात. बाहेर पसरून वाळवा, नाहीतर पाणी भरलेल्या पत्र्याच्या डब्यात बुडवून ठेवा.